धर्माच्या गाईचे दात

संपादकांचा फोन आला तेव्हाच मी ओळखलं. म्हणाले, "भाऊ, यंदा दिवाळी अंकाला तुमचा तो स्लॅब फोडल्याचा किस्सा द्या." हा किस्सा मुलुंडमध्ये सगळ्यांना पाठ आहे. माझा सत्कार असला की प्रास्ताविक करणारा तो सांगतोच. मिस्त्रीच्या हातून बालवाडीचा स्लॅब बिघडला, तर या माणसाने स्वतः उभं राहून फोडायला लावला आणि पदरमोड करून नवा घातला, असा दाता विरळा. मग टाळ्या पडतात. मी मान खाली घालतो आणि लोकांना वाटतं, काय हा विनय!

विनय कसला डोंबलाचा. किस्सा खोटा आहे. म्हणजे स्लॅब फोडला हे खरं, पण मिस्त्रीच्या हातून बिघडला हे खोटं, आणि ते खोटं माझ्याच तोंडून गेलेलं आहे. संपादकांना म्हटलं, देतो, पण जसा घडला तसा छापणार असाल तर. ते हो म्हणाले. बघू आता.

माझे वडील गिरणीत होते. मी ओव्हरसियरचा कोर्स केला, दहा वर्षं दुसऱ्यांच्या साइटवर उन्हात उभा राहिलो आणि मग मुलुंडला स्वतःची पहिली बिल्डिंग काढली. बिल्डर म्हटलं की लोकांच्या डोळ्यांपुढे सफारी घातलेला, पान खाणारा माणूस येतो. माझ्या अंगावर तेव्हा सिमेंटने पांढरी पडलेली पँट असायची. हा धंदा मुळात काळजीचा आहे. माणसं जन्माची पुंजी घेऊन कागदावरच्या रेघोट्यांवर विश्वास ठेवतात. रात्री ती झोपतात, आपण नाही झोपत.

शिवाय गिऱ्हाइकं एकेक नमुने. आमचे एक सबनीस होते, घाटकोपरला पोस्टात नोकरीला. दर रविवारी खिशात काचेची गोटी घेऊन साइटवर यायचे. बाथरूममध्ये गोटी सोडायची, ती मोरीच्या भोकाकडे गेली तर ठीक, नाहीतर लादी उखडा. मग बोटाच्या पेराने एकेक लादी वाजवत बसायचे, पोकळ आवाज आला की खडूने फुली. मी वैतागायचो. पण खरं सांगू? त्या बिल्डिंगमध्ये आजपर्यंत एका बाथरूममध्ये पाणी साचलेलं नाही, आणि त्याचं श्रेय माझं नाही, सबनीसांच्या गोटीचं आहे. दाम मोजणारा माणूस वस्तू वाजवून घेतो. फुकट घेणाऱ्याला ती सोय नसते. हे मला तेव्हा कळलं नव्हतं.

ऐंशीच्या दशकाची ती सुरुवात. आजच्या पोरांना खरं वाटणार नाही, पण तेव्हा सिमेंट परमिटवर मिळायचं. अर्ज करा, खेटे घाला, महिनोन्‌महिने वाट बघा. आणि मिळायचं ते कधी, तर ऐन पावसाच्या तोंडावर. मग गोण्या पत्र्याच्या गोदामात थप्पी लावून ठेवायच्या. सिमेंटचं असं असतं की ते हवेतली ओल खातं. गोणी न उघडताच आतल्या आत गोठत जातं. म्हणून नियम असा की जुनी गोणी आधी वापरायची, नवी मागे लावायची. आमच्या गोदामात उलटं झालं. नवा माल आला तो पुढे लागला, जुना भिंतीकडे तसाच राहिला. माझं लक्ष नव्हतं. दोन पावसाळे खाऊन त्या मागच्या रांगेतल्या गोण्या अशा झाल्या की हात लावला तर आत दगड लागावेत.

त्या गोण्या टाकवेनात मला. ज्यासाठी कचेऱ्यांचे उंबरे झिजवले ते सिमेंट उकिरड्यावर टाकायचं? जीव होईना. आणि बिल्डिंगमध्ये वापरायची सोय नव्हती, कारण तिथे सबनीस होते.

त्याच सुमारास कुंदाबाई आल्या. चाळींमधल्या पोरांसाठी त्या एका पत्र्याच्या शेडमध्ये बालवाडी चालवायच्या. पावसात शेड गळायची, पोरं एका कोपऱ्यात कोंबडीच्या पिलांसारखी गोळा व्हायची. कामगारांच्या एका मंडळाने त्यांना कोपऱ्यावरची मोकळी जागा दिली होती, पण बांधणार कोण? बाई फार बोलल्या नाहीत. शेडमध्ये घेऊन गेल्या आणि ओली सतरंजी दाखवली. मी तिथल्या तिथे म्हणून गेलो, चार भिंती आणि वर पक्का स्लॅब, मी बांधून देतो. माझ्या आईचं नाव द्या.

काय बरं वाटलं म्हणून सांगू! घरी येऊन बायकोला, सुमनला, सांगितलं, तर तिने देवापुढे साखर ठेवली. दानाचं समाधान काय असतं ते मी तेव्हा पहिल्यांदा अनुभवलं. आणि दुसऱ्याच दिवशी सकाळी गोदामात उभा असताना माझी नजर त्या मागच्या रांगेवर गेली.

आमच्या धंद्यात ही रीतच होती. देऊळ, समाजमंदिर, बालवाडी असं धर्माचं काम निघालं की ते उरल्यासुरल्यात उरकायचं. तुकड्यांच्या सळया, फुटक्या लाद्या, दुसऱ्या साइटवरून निघालेले दरवाजे. कोणाला त्यात गैर वाटायचं नाही. मलाही नाही वाटलं. दोन बायका बसवल्या, गोणीतले खडे धुम्मसाने कुटून चाळायला लावले आणि म्हटलं, चला, झालं सोनं.

माझा मिस्त्री गोविंद परब. मालवणकडचा. चिऱ्याच्या भिंती बांधत बांधत मुंबईत आला आणि स्लॅबच्या कामात असा तयार झाला की आजूबाजूचे चार कंत्राटदार त्याच्यासाठी माझ्याकडे खेटे घालायचे. तो कमी बोलायचा. चाळलेल्या सिमेंटची चिमूट त्याने बोटांत घेतली, चोळली आणि म्हणाला, "भाऊ, ह्या पायाक घाला, भिंतीक घाला. डोक्यार नको."

मी हसलो. म्हटलं, प्रमाण वाढव थोडं, एक घमेलं जास्त टाक. तो म्हणाला, मेलेल्याला दोनदा जेवू घातलं म्हणून तो उठत नाही. तेवढ्यात कुंदाबाई काम बघायला आल्या. त्या कुटणाऱ्या बायकांकडे बघून त्यांनी साधंच विचारलं, हे असं कुटून चालतं का हो? मी सगळ्यांसमोर म्हणालो, "बाई, धर्माची गाय आणि म्हणे दात का नाय!" बायका हसल्या. बाईही हसल्या, पण त्यांचा चेहरा पडला. गोविंदा हसला नाही.

गौरी विसर्जनानंतरच्या आठवड्यात स्लॅब घातला. ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगतो. आधी खालून लाकडी बल्ल्या उभ्या करायच्या, त्यांवर फळ्यांचा साचा, त्याला सेंट्रिंग म्हणतात. साच्यावर सळयांची जाळी आणि तिच्यावर माल ओतायचा. प्रत्येक बल्लीच्या बुडाशी लाकडी पाचर ठोकतात, त्या पाचरीने बल्ली वर ताठ दाबून राहते. मग वर पाणी साठवून ठेवायचं आणि दोन-तीन आठवड्यांनी बल्ल्या काढायच्या. तोवर स्लॅब स्वतःचं वजन पेलण्याइतका पक्का झालेला असतो. म्हणजे व्हायला हवा.

आठव्या दिवशी मी वर चढलो आणि खिशातल्या खिळ्याने रेघ ओढली. चांगल्या स्लॅबवर खिळा घसरतो. इथे पिठात बोट फिरवावं तशी रेघ उठली. हातोडीने ठोकून बघितलं. चांगला स्लॅब टणटण बोलतो. हा भद्द बोलला. मी स्वतःची समजूत घातली, ओला आहे अजून, होईल.

पंधराव्या दिवशी तेच. एकविसाव्या दिवशी तेच. माझी झोप उडाली. जेवताना ताट बोटाने वाजवायला लागलो, तेव्हा सुमन म्हणाली, झालंय काय तुम्हाला? काही नाही म्हटलं. रोज काहीतरी निमित्त काढून बालवाडीवर जायचो, चार ठिकाणी ठोकायचो आणि गोविंदाला सांगायचो, बल्ल्या राहू देत. तो नुसती मान हलवायचा. "मी सांगितलं होतं" हे त्याने एकदाही म्हटलं नाही. म्हटलं असतं तर मला भांडता तरी आलं असतं.

इकडे दसरा जवळ आला. दसऱ्याला पोरांचं पाटीपूजन नव्या वास्तूत करायचं ठरलं होतं. पत्रिका वाटून झाल्या होत्या, आईच्या नावाची संगमरवरी पाटी तयार होती. कुंदाबाई विचारायच्या, भाऊ, ते बांबू कधी निघणार? मी म्हणायचो, पाणी मुरतंय अजून, घाई नको. एकीकडे वाटायचं, बल्ल्या काढून टाकाव्यात आणि बघावं काय होतं ते. दुसरीकडे वाटायचं, काढल्या आणि तेव्हा राहिला, पण पुढच्या वर्षी आला खाली तर? स्लॅब पडताना वेळ बघत नाही. सकाळचे दहा वाजले असतील आणि खाली पोरं बसलेली असतील. हे चित्र डोळ्यांपुढून जाईना.

परतीच्या पावसाने एका दुपारी झोडपून काढलं. दुसऱ्या दिवशी सकाळी मी आणि गोविंदा बालवाडीवर गेलो, तर आतून गाण्याचा आवाज. मी धावतच दाराशी गेलो. बाईंच्या शेडचा पत्रा वाऱ्याने उडाला होता. त्यांना वाटलं, भिंती आहेत, डोक्यावर स्लॅब आहे, बांबूंची अडचण होईल तेवढीच. त्यांनी पोरं आत आणून बसवली होती. बल्ल्यांच्या मधून चाळीसेक पोरं. काही बल्ल्यांना धरून गरागरा फिरत होती.

दाराजवळ फुलाफुलांचा फ्रॉक घातलेली एक मुलगी एकटीच मांडी घालून खेळत बसली होती. तिच्या मांडीवर काहीतरी होतं, ती त्याला थोपटत होती. मी वाकून बघितलं. पाचर होती. लाकडाची पाचर, सेंट्रिंगची. मी विचारलं, बाळा, ही कुठे मिळाली? तिने मधल्या बल्लीकडे बोट केलं. म्हणाली, हा माझा बाबू आहे, झोपलाय.

मधली बल्ली. जिच्यावर सगळ्यात जास्त भार. ती पाचरीशिवाय नुसती टेकून उभी होती.

ओरडलो असतो तर पोरं घाबरून बल्ल्यांना धडकली असती. कुठून सुचलं कोण जाणे, मी मोठ्याने म्हणालो, बाहेर खाऊ वाटायचाय, सगळ्यांनी रांगेत चला. खिशात विड्यांचं बंडल आणि खिळा, दुसरं काही नाही. गोविंदा आत जाऊन त्या मधल्या बल्लीला पाठ लावून उभा राहिला. एका माणसाच्या पाठीने काय पेलणार होतं? पण तो शेवटचं पोर बाहेर जाईपर्यंत तिथून हलला नाही. ती फ्रॉकवाली सर्वांत शेवटी निघाली, बाबूला खांद्यावर टाकून.

बाहेर आल्यावर पोरं खाऊ मागायला लागली. गोविंदा धावत जाऊन नाक्यावरून लिमलेटच्या गोळ्यांची बरणीच उचलून घेऊन आला. कुंदाबाईंनी गोळ्या वाटल्या आणि मग माझ्याकडे आल्या. मी काहीतरी सांगायला लागलो, लाइटचं काम आहे, वायर उघडी आहे. त्यांनी मला मधेच थांबवलं. आवाज अगदी शांत.

"भाऊ, धर्माच्या गाईचे दात मी मोजणार नाही. ती माझ्या पोरांच्या अंगावर पडेल का, तेवढं सांगा."

मी गोविंदाला म्हटलं, फोड.

पोरांना लांब बसवलं. गोविंदाने वर चढून कडेला पहिला घण घातला, तर कोपरा चहात भिजलेल्या खारीसारखा सुटून आला. तो खाली उतरला, मधल्या बल्ल्यांना दोर बांधला आणि आम्ही सगळ्यांनी बाहेरून ओढला. दुसरा घण घालावाच लागला नाही. मधला सगळा भाग आपोआप खाली आला. मी विटांच्या ढिगावर बसलो.

आवाजाने चाळीतली माणसं धावली. मंडळाचे अध्यक्षही आले, धोतराचा सोगा सावरत. त्यांनी विचारलं, काय झालं हो, भाऊ? खरं बोलायला यापेक्षा चांगली वेळ मला आयुष्यात परत मिळणार नव्हती. समोर पन्नास माणसं. दसऱ्याच्या पत्रिकेवर माझं नाव, आईचं नाव. बिल्डिंगमधले निम्मे फ्लॅट विकायचे बाकी. मी म्हणालो, मिस्त्रीकडून मालाचं प्रमाण चुकलं. माझ्या लक्षात आलं, म्हणून फोडायला लावला.

गोविंदा सहा फुटांवर उभा होता. अंगावर धूळ, हातात घण. त्याने एकदा माझ्याकडे बघितलं आणि मग राडारोडा भरायला घमेलं उचललं. कुंदाबाईही माझ्याकडे बघत राहिल्या. त्या बोलल्या नाहीत. त्यांना हॉल हवा होता, आणि तो मीच बांधून देणार होतो.

पाटीपूजन दसऱ्यालाच झालं, चार भिंतींत, वर उघडं आभाळ. नवा स्लॅब ताज्या सिमेंटचा, बिल्डिंगच्या वाट्याचा घातला. सबनीसांचा ताबा लांबला म्हणून ते गोटी घेऊन भांडायला आले, मी निमूट ऐकून घेतलं. नवा स्लॅबही गोविंदानेच घातला. आजही तो टणटण बोलतो. गेल्याच महिन्यात काठीने ठोकून आलोय.

तेव्हापासून मी एक नियम केला. नव्या लॉटमधली पहिली थप्पी धर्माच्या कामाची, मग विक्रीची. माझी माणसं तिला "गाईचं सिमेंट" म्हणायची. पुढे बोरिवलीला दवाखाना बांधला, अंधेरीला मुलींचं वसतिगृह बांधलं, सगळं गाईच्या सिमेंटात. लोक दानशूर म्हणायला लागले. आणि प्रत्येक व्यासपीठावर तो किस्सा, दर वेळी थोडा जास्त रंगवलेला. मिस्त्री निष्काळजी, मी डोळस. मी एकदाही मधे बोललो नाही. सुमन घरी आल्यावर हार काढून ठेवताना एवढंच विचारायची, गोविंदाला बोलावलं होतं का आज?

जे चार कंत्राटदार गोविंदासाठी खेटे घालायचे, ते यायचे बंद झाले. मी त्याला शेवटपर्यंत माझ्याकडे ठेवला, कधी कमी पडू दिलं नाही, आणि मनाशी म्हणालो, झाली भरपाई. पुढे तो गावी गेला.

यंदा संपादकांचा फोन आल्यावर मला राहवेना. पंचाहत्तरी उलटलेला मी, मुलाला गाडी काढायला लावली आणि मालवणकडे गेलो. गोविंदा ओसरीवर बसला होता. मोतीबिंदू पिकलाय, दिसत नाही. आवाजावरून ओळखलं आणि सुनेला चहा ठेवायला सांगितलं. मी वर बघितलं. आयुष्यभर ज्याने हजारो डोक्यांवर स्लॅब घातले, त्याच्या घरावर कौलं. आजूबाजूला सगळ्या घरांना स्लॅब. मी म्हटलं, गोविंदा, कौलारू घर थंड म्हणून ठेवलंस का रे?

तो हसला. "नाय ओ भाऊ. मुंबयची गजाल गावात पोचली होती. गावच्या समाजमंदिराक पण माका बोलावक नाय. मग म्हटलंय, घराक स्लॅब घातलंय तर लोक म्हणतले, गोविंदाचो स्लॅब फोडूक लागता."

रागाचा मागमूस नव्हता त्याच्या बोलण्यात. मला तिथे रडू आलं, त्याला दिसलं नाही. माफी मागायचं ठरवून गेलो होतो, ती मागितली. तो म्हणाला, माझ्याकडे मागून काय उपयोग, मला ठाऊकच आहे काय झालं ते. ज्यांना सांगितलंत त्यांना सांगा.

म्हणून सांगतो. सिमेंट माझं होतं, जुनं होतं, मला ठाऊक होतं. ते स्लॅबमध्ये घालायचा हुकूम माझा होता. गोविंद परब या मिस्त्रीने "डोक्यार नको" असं स्पष्ट सांगितलं होतं. त्याचं प्रमाण आयुष्यात कधी चुकलं नाही.

संपादकांना एकच विनंती. मानधन नको, पण या अंकाची एक प्रत गोविंदाच्या गावच्या वाचनालयात पाठवा. पत्ता वेगळ्या कागदावर लिहून दिला आहे. त्याला स्वतःला वाचता येणार नाही. गावातल्या कोणीतरी चारचौघांत मोठ्याने वाचून दाखवावं.